सुरतेचे बारे आणि ‘विजळी’ आगबोट

मराठी माणसाला सुरत ठाऊक असते ती १६६४ आणि १६७० या दोन सालांमुळे. वखारी, सराफ आणि धनाढ्य व्यापारी यांचे ते शहर त्याने लहानपणी इतिहासाच्या पुस्तकात पाहिलेले असते. पण त्या विख्यात बंदरातून समुद्र दिसत नाही, ही गोष्ट पुस्तकात सहसा येत नाही. शहर तापीच्या काठी, नदीच्या मुखापासून काही कोस आत वसलेले आहे. मुखाशी गाळाचे आणि वाळूचे बांध साचलेले असल्यामुळे मोठी जहाजे आत येऊ शकत नसत. ती उत्तरेला सुवालीच्या किनाऱ्याशी नांगर टाकीत. माल तेथून मचव्यांनी आणि बैलगाड्यांनी शहरात येई.

या मुखापाशी, सुवालीच्या बाजूला, इंग्रजी अमदानीतील एक घुमटदार कबर होती. जॉन वॉक्स नावाचा ईस्ट इंडिया कंपनीचा एक अधिकारी, जो काही काळ मुंबईचा उपगव्हर्नर होता, १६९७ साली तापीत होडी उलटून पत्नीसह बुडाला. त्याची ही कबर. सपाट किनाऱ्यावर दुसरी उंच खूण नसल्यामुळे पुढे कित्येक वर्षे नावाडी तापीचे मुख ओळखण्यासाठी हीच कबर पाहत आणि इंग्रजांच्या सागरी नकाशांतही ती दाखविलेली असे. बुडून मेलेल्या माणसाच्या थडग्याकडे नजर ठेवून जिवंत माणसांनी आपली तारवे हाकावीत, हा योगायोग खरा. पण त्या किनाऱ्यावर त्याचे कोणाला विशेष वाटत नसावे.

खंभातचे आखात हे नावाड्यांच्या दृष्टीने हिंदुस्थानातील अत्यंत कठीण पाणी समजले जाते. आखाताचे तोंड रुंद आणि पोट निमुळते. त्यामुळे भरतीचे पाणी आत शिरताना चेपले जाऊन उंच चढते. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला भावनगर-खंभातच्या बाजूस भरती आणि ओहोटी यांच्या पातळीत तीस-पस्तीस फुटांचा फरक पडतो. मुंबईच्या माणसाला पंधरा-सोळा फुटांचे उधाणही फार वाटते! पाणी उतरू लागले की जेथे तासापूर्वी गलबत तरंगत होते तेथे चिखल आणि पुळण दिसू लागते. मधूनमधून मलक्का बँक या नावाने ओळखले जाणारे वाळूचे लांबच लांब दांडे आहेत. ओहोटीत रुतलेले जहाज कलते होऊन पडते आणि पुढच्या भरतीचा लोंढा त्याला उठविण्याऐवजी उलथवून टाकतो. म्हणून या आखातात घोघ्याच्या खलाशांना मोठा मान असे. पाण्याचा रंग पाहून आणि शिशाची दोरी टाकून खाली वाळू आहे की चिखल हे ते सांगत आणि त्यांच्या शब्दावर परक्या जहाजांचे कप्तान सुकाणू फिरवीत.

सुरतेच्या पेढ्यांनीही समुद्राचा हिशेब आपल्या परीने बसविला होता. तेथे ‘जोखमी हुंडी’ नावाचा एक प्रकार चाले. माल पाठविणारा व्यापारी दुसऱ्या बंदरातील माल घेणाऱ्यावर हुंडी लिही आणि ती सराफाला विकून पैसे आधीच उचली. गलबत सुखरूप पोचले तर हुंडी वटे. गलबत बुडाले तर सराफाचे पैसे बुडत. सराफ अर्थातच ऋतू, गलबत आणि नाखवा पाहून मग हुंडीचा भाव ठरवी. विमा कंपन्यांच्या कचेऱ्या किनाऱ्यावर येण्याच्या फार आधीपासून ही व्यवस्था चालत आली होती. आपल्या भाषेतही पेढी ‘बुडते’, काम ‘तडीस’ जाते आणि हरवलेल्या वस्तूचा ‘थांग’ लागत नाही. बाजाराने आणि घराने हे शब्द दर्यावर्दी माणसांकडूनच उचललेले दिसतात.

या जुन्या व्यवस्थेचा कणा म्हणजे थांबणे. शिडाचे गलबत वाऱ्यावाचून चालत नाही आणि पावसाळ्याच्या वाऱ्यात टिकत नाही. म्हणून ज्येष्ठाच्या सुमारास गलबते शाकारून किनाऱ्यावर ओढली जात आणि नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ वाहिल्यावर हळूहळू बाहेर निघत. तरीही अपघात होतच. अरबी समुद्रातील चक्री वादळांचे दोन हंगाम आहेत: एक पावसाळ्याच्या तोंडाशी, वैशाख-ज्येष्ठात, आणि दुसरा पाऊस संपल्यावर, आश्विन-कार्तिकात. पहिल्याची धास्ती सर्वांनाच असते. दुसरा अधिक फसवा. कारण आकाश निवळलेले असते, दिवाळीचा बाजार भरलेला असतो आणि मनुष्य समुद्र शांत झाला असे समजून चाललेला असतो. १८५४ सालच्या १ नोव्हेंबरला मुंबईवर असेच तुफान आले. चार तासांत बंदरातील जहाजांची दाणादाण उडाली आणि सुमारे हजार माणसे प्राणांस मुकली.

एकोणिसाव्या शतकात समुद्रावर ज्या सुधारणा झाल्या, त्यांतील पुष्कळशा अशा एखाद्या अनर्थानंतर झाल्या. १८४० च्या जूनमध्ये ‘लॉर्ड विल्यम बेंटिंक’ आणि ‘लॉर्ड कॅसलरे’ ही दोन जहाजे मुंबई बंदराच्या अगदी दाराशी, कुलाब्याच्या खडकांवर फुटली आणि किनारा समोर दिसत असता अनेक माणसे बुडाली. कुलाब्याला दीपगृह तेव्हाही होते. पण खडकांची रांग त्याच्याही पुढे समुद्रात गेलेली होती. त्या रांगेच्या टोकावर प्राँग्सचे दीपगृह उभे राहिले ते १८७५ साली. खांदेरी बेटावरचा दिवा त्यापूर्वी, १८६७ साली, लागला होता. वादळांच्या अभ्यासाचीही हीच कथा. ‘सायक्लोन’ हा शब्द कलकत्त्याच्या हेन्री पिडिंग्टनने १८४८ साली रूढ केला. १८६४ च्या वादळाने कलकत्ता उद्ध्वस्त केल्यावर तेथे पुढील वर्षी बंदराला आगाऊ सूचना देण्याची व्यवस्था झाली. १८७५ मध्ये हवामानखाते निघाले आणि १८८० साली मुंबई, कराची, रत्नागिरी, वेंगुर्ले, कारवार या बंदरांनाही इशारे मिळू लागले. ही साले ध्यानात ठेवावीत. पुढे जो प्रसंग सांगावयाचा आहे तो अज्ञानाच्या काळातला नाही, हे त्यांवरून कळते.

मध्यंतरी किनाऱ्यावर आगबोट आली होती. आगबोटीने वाऱ्याची गुलामी संपविली, आणि तिच्याबरोबर थांबण्याची सवयही संपविली. आता सुटण्याची वेळ छापील असे, पोचण्याची वेळ छापील असे आणि उतारूही तिच्यावर भिस्त ठेवून आपली कामे ठरवू लागले. लग्नाचा मुहूर्त, कोर्टाची तारीख, परीक्षेचा दिवस ही सर्व बोटीच्या वेळापत्रकाला बांधली गेली.

सुरतेचे भाग्य असे, की तिच्या वाट्याला हा जाच फार दिवस आला नाही. बी. बी. अँड सी. आय. रेल्वेचा रस्ता १८६० पासून या भागात पडू लागला आणि १८६४ च्या नोव्हेंबरात सुरतेहून थेट मुंबईस गाडी जाऊ लागली. दमणगंगा आणि वैतरणा या नद्यांवर पूल झाले. सुरतेच्या माणसाने त्यानंतर मुंबईसाठी समुद्राचे तोंड पाहण्याचे कारण उरले नाही. बंदर म्हणून सुरत आधीच ओहोटीला लागली होती. तिचे उत्तमोत्तम जहाजकारागीर, लवजी नसरवानजी वाडिया यांच्यासारखे, शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच मुंबईच्या गोदीत गेले होते. रेल्वेने उरलेले उतारूही नेले. परंतु आखाताच्या पलीकडे, काठेवाडच्या पश्चिम टोकाला आणि कच्छमध्ये, स्थिती निराळी होती. कच्छच्या मांडवीहून मुंबईला यावयाचे तर १८८८ सालीही समुद्र हाच सरळ रस्ता होता. रणे ओलांडून, उंटाने आणि बैलगाडीने फेरा घालून रेल्वे गाठण्यापेक्षा आठ रुपये भरून तीस तासांत मुंबईस उतरणे कोणालाही सोयीचे वाटावे.

हे आठ रुपये ज्या बोटीचे, तिचे नाव ‘वैतरणा’. सुरतेचे उतारू ज्या नदीवरून गाडीत बसून निर्धास्त जात, त्याच ठाणे जिल्ह्यातील नदीचे हे नाव. ते ठेवणाऱ्या इंग्रज मालकांना मृतात्म्यांनी ओलांडावयाची वैतरणी ठाऊक होती की नाही, कोण जाणे! बोट शेफर्ड कंपनीची होती. याच कंपनीच्या आगबोटी कोकणच्या बंदरांनाही जात असत. ‘वैतरणा’ १८८५ साली स्कॉटलंडमधील ग्रेंजमाउथच्या गोदीत पाण्यात सोडण्यात आली. लांबी सुमारे १७० फूट, रुंदी २६ फूट, आणि पोटाची खोली दहा फुटांहूनही थोडी कमी; दोन डोलकाठ्या, तीन मजले आणि पंचवीस खोल्या. बोटीवर विजेचे दिवे होते. ज्या काळी मुंबईतसुद्धा विजेचा दिवा ही पाहण्यास जाण्याची वस्तू होती, त्या काळी रात्रीच्या समुद्रावर झगमगत येणारी ही बोट पाहून किनाऱ्यावरच्या लोकांनी तिला ‘विजळी’ म्हणावे यात नवल नाही. कंपनीचे नाव कागदावर राहिले आणि लोकांचे नाव टिकले.

१८८८ च्या ८ नोव्हेंबरला, गुरुवारी, दुपारी ‘विजळी’ मांडवीहून निघाली. ती कार्तिक शुद्ध पंचमी होती, गुजराथेत जिला लाभपंचमी म्हणतात ती. दिवाळीनंतर व्यापारी याच दिवशी दुकाने उघडून नव्या वर्षाचा व्यवहार सुरू करतात. मुंबईच्या पेढ्यांवर परतणारे लोक होते. तुळशीचे लग्न आठवड्यावर आले होते आणि त्यामागोमाग लग्नसराई; बोटीवर वऱ्हाडे होती, तेरा वऱ्हाडे असे परंपरा सांगते. मुंबई विद्यापीठाच्या मॅट्रिक परीक्षेसाठी निघालेले विद्यार्थी होते. मांडवीला ५२० उतारू चढले. द्वारकेला आणखी चढले आणि संख्या ७०३ झाली. खलाशी आणि नोकर मिळून ४३.

येथे थोडे साधे गणित करून पाहण्यासारखे आहे. १७० गुणिले २६ म्हणजे ४,४२० चौरस फूट. बोटीचे तिन्ही मजले या मापाचे आणि पूर्ण मोकळे आहेत असे धरले, तरी ७०३ उतारूंना माणशी एकोणीस चौरस फुटांहून कमी जागा येते, एका चटईएवढी. त्यातून बोटीची दोन्ही टोके निमुळती. शिवाय इंजिन, कोळसा, बायलर, माल, खोल्या आणि खलाश्यांची जागा वजा करावयाची. वऱ्हाडाबरोबर पेट्या, वळकट्या आणि फराळाचे डबे असतातच. अशा गर्दीतून वादळात एखादी होडी पाण्यात सोडावयाची म्हटले तर खलाश्याला होडीपर्यंत पोचणेच कठीण. आणि होड्या मुळात पुरेशा नव्हत्या.

द्वारकेहून बोट पोरबंदरकडे निघाली. हवा बिघडत चालली होती. समुद्र खवळल्यामुळे पोरबंदरला न थांबता तिने मुंबईचा रोख धरला. पोरबंदरचे प्रशासक लेली यांनी पुढे न जाण्याचा सल्ला दिला होता आणि कप्तानाने तो मानला नाही, असे लोककथा सांगते; त्याला नंतरच्या शोधात आधार मिळालेला नाही. दुर्घटनेनंतर अशी एखादी न ऐकलेली सूचना लोकांच्या स्मरणात तयार होतेच. त्या संध्याकाळी अरबी समुद्रातील चक्री वादळात, मांगरोळच्या किनाऱ्यासमोर कोठेतरी, ‘विजळी’ नाहीशी झाली. एवढेच म्हणता येते. दुसऱ्या दिवशी ती मुंबईस आली नाही. मुंबई सरकारने आणि आगबोट कंपन्यांनी शोधासाठी बोटी पाठविल्या. त्यांना फळी सापडली नाही, प्रेत सापडले नाही. बोटीवरून वाचून आलेला एकही मनुष्य नव्हता.

साक्षीदारच नसल्यामुळे चौकशी समितीला बुडण्याची घटका कळणे शक्य नव्हते. तिला तपासता आली ती बोटीची तयारी. वादळी हवेला तोंड देण्याजोगी साधने बोटीवर नव्हती, जीवरक्षक होड्या आणि तरंगण्याची जाकिटे अपुरी होती, असे समितीला आढळून आले. हा निष्कर्ष त्या काळच्या लोकांनी जितका मनावर घ्यावयास हवा होता तितका घेतलेला दिसत नाही. वादळाला जबाबदार कोणी नसते. पण होड्या किती ठेवावयाच्या हे कोणीतरी कचेरीत बसून ठरवितो. इंग्लंडात सॅम्युएल प्लिम्सॉल नावाच्या खासदाराने अवजड भरलेल्या जहाजांविरुद्ध अनेक वर्षे झगडून १८७६ साली जहाजाच्या अंगावर भाराची रेघ काढण्याचा कायदा करविला होता. हिंदुस्थानात १८८७ साली, म्हणजे ‘विजळी’ बुडण्याच्या एकच वर्ष आधी, देशी उतारूंच्या बोटींसंबंधी कायदा झाला होता. शास्त्र होते, कायदा होता, इशारा देण्याची व्यवस्था होती. उणीव राहिली ती या तिन्ही गोष्टी मांडवीच्या धक्क्यावर एकाच दुपारी एकत्र येण्याची.

मृतांच्या आकड्याचीही गंमत पाहण्यासारखी आहे, अर्थात गंमत हा शब्द येथे वापरू नये. कोणी ७४६ म्हणतात, कोणी ७४१, कोणी ७९८. लोकांच्या तोंडी तर तेराशेपर्यंत संख्या जाते. मालाची प्रत्येक गासडी मात्र कोणाच्या ना कोणाच्या चोपडीत नोंदलेली असणार. १९१२ साली ‘टायटॅनिक’ बुडाली तेव्हा सुमारे पंधराशे माणसे मेली, आणि त्यांतल्या बहुतेकांची नावे, वये आणि धंदे आज वाचावयास मिळतात. त्या अनर्थानंतर दोन वर्षांत जगातील राष्ट्रांनी एकत्र बसून होड्यांचे आणि बिनतारी यंत्राचे नियम केले. ‘विजळी’च्या वेळी बिनतारी यंत्र निघालेलेच नव्हते, हे खरे. पण होडी ही मनुष्यजातीइतकीच जुनी वस्तू आहे.

कप्तानाविषयी दोन शब्द सांगणे अवश्य आहे. आठच वर्षांपूर्वी, १८८० च्या ऑगस्टमध्ये, ‘जेद्दा’ नावाची आगबोट सुमारे साडेनऊशे हाजयात्रेकरूंना घेऊन पूर्वेकडून अरबस्तानास जात असता वादळात सापडली. बोट बुडणार असे समजून तिचा गोरा कप्तान आणि अधिकारी होडीत बसून निघून गेले आणि एडनला पोचल्यावर जहाज बुडाल्याचे त्यांनी सांगितले. पण बोट बुडाली नव्हती. दुसऱ्या आगबोटीने तिला यात्रेकरूंसह एडनच्या बंदरात ओढून आणले! याच प्रकरणावरून जोसेफ कॉनराडने पुढे ‘लॉर्ड जिम’ ही कादंबरी रचली. ‘विजळी’चा कप्तान कासम इब्राहिम आपल्या बोटीबरोबर गेला. त्याच्याविषयी याहून अधिक खात्रीने सांगण्याजोगे थोडेच आहे. पण एवढे सांगता येते.

लोकांनी त्याला दोष दिला नाही. निदान त्यांच्या गाण्यात तरी दिला नाही. काठेवाडात आणि कच्छमध्ये या बुडीवर विलापगीते रचली गेली. दुर्लभ श्यामजी ध्रुव यांचे ‘विजळी विलाप’ हे काव्य प्रसिद्ध आहे. झवेरचंद मेघाणी यांनी बायकांच्या तोंडचे गीत आपल्या ‘रढियाळी रात’ या लोकगीतसंग्रहात घेतले. गुणवंतराय आचार्यांनी १९५४ साली ‘हाजी कासम तारी विजळी’ ही कादंबरी लिहिली. गाण्यात बोट हाजी कासमची होते. वस्तुतः मालक इंग्रज कंपनी, कप्तान कासम इब्राहिम, आणि हाजी कासम नावाचा गृहस्थ पोरबंदरला कंपनीची तिकिटे विकणारा आडत्या होता असे सांगतात. तिघांचे मिळून गाण्याने एक माणूस केला. हाजी कासमाला फकिराने नव्याण्णव जहाजांचा आशीर्वाद दिला होता आणि ‘विजळी’ हे त्यातले शेवटचे, अशीही आख्यायिका जोडली गेली. दैवाची कथा समितीच्या अहवालापेक्षा ऐकावयास बरी वाटते. तीत कोणाला होड्या मोजाव्या लागत नाहीत.

या लोकस्मृतीतही एक मोजदाद आहे. ती वेगळ्या मापाची आहे. येथे उतारूंचा आकडा नाही. तेरा वऱ्हाडे आहेत, परीक्षेला निघालेली मुले आहेत, किनाऱ्यावर तारेची वाट पाहणारे लोक आहेत. मराठी मुलखाला हा अनुभव १९४७ च्या १७ जुलैला आला. त्या सकाळी भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट मुंबईपासून थोड्याच अंतरावर उलटली आणि सव्वासहाशेच्या आसपास माणसे बुडाली. तिच्यावरही बिनतारी यंत्र नव्हते. मुंबईला बातमी कळली ती काही तासांनी, पोहून आलेल्या लोकांकडून.

मांडवीला तर पोहून येणारेही कोणी नव्हते. तेथील घरांना बातमी मिळाली ती एवढीच, की बोट अजून मुंबईस लागलेली नाही. ज्या घरांतून वर निघाला होता त्या घरांनी सोयर पाळावे की सुतक, हे ठरविण्यासही आधार नव्हता. लग्नघरचे मांडव मुंबईत उभे होते.